पंचवीस पावसाळ्यांची होडी

फार जुनी नव्हे आणि कालपरवाचीही नव्हे, अशी ही गोष्ट आहे. एका खाडीच्या काठी एका व्यापाऱ्याचा होड्या बांधण्याचा कारखाना होता. व्यापारी दूरदर्शी होता. दूरदर्शी माणसांची एक खोड असते. त्यांना क्षितिज स्वच्छ दिसते आणि पायाखालची चप्पल सापडत नाही. पण या गृहस्थाचे म्हणणे मात्र सोळा आणे खरे होते. त्या किनाऱ्यावरच्या होड्या सहा-सात पावसाळ्यांत कुजत, कोळी शिव्या घालत आणि नाइलाजाने पुन्हा तशीच होडी घेत. एका दसऱ्याला व्यापाऱ्याने आपले बाराही कारागीर जमवले आणि जाहीर केले, "आजपासून आपली होडी पंचवीस पावसाळे टिकेल. वीस वर्षांनी या किनाऱ्यावर दुसऱ्या कुणाच्या होडीचे नाव निघता कामा नये."

हा संकल्प माणसांच्या अंगी मुरवण्याचे काम त्याने आपल्या तरुण कारभाऱ्यावर सोपवले. हा कारभारी म्हणजे खाडीपलीकडच्या टेकडीवर राहणाऱ्या एका वृद्ध सुताराचा शिष्य. दहा वर्षे त्याने त्या वृद्धाच्या हाताखाली रंधा मारला होता. त्या वृद्धाला सारा गाव आबा म्हणत असे. शिष्य कामाला वाघ होता, मनाने निर्मळ होता, फक्त शब्दांचा थोडा नादी होता. त्याने संकल्पाचा अकरा ओळींचा पाठ रचला. त्यात 'सुदृढ काष्ठ', 'सुदृढ निष्ठा' असे कानाला गोड लागणारे पुष्कळ काही होते. सागाच्या एका रुंद फळीवर पिवळ्या अक्षरांत तो पाठ रंगवून घेतला आणि होड्या बांधायच्या मांडवाच्या तोंडाशी टांगला. रोज सकाळी काम सुरू होण्यापूर्वी सर्वांनी अर्धवट बांधलेल्या होडीला हात लावून तो एका सुरात म्हणायचा, असा नियम झाला.

आता सकाळचा वेळ काही आभाळातून पडत नाही. तो कुठून तरी काढावा लागतो. पूर्वी त्या वेळात सगळे मिळून होडीच्या पोटात चाळीस घागरी पाणी ओतत आणि खाली वाकून, कुठे पाझरते आहे ते बघत फिरत. आदल्या दिवशीचे काम कसे झाले ते तिथल्या तिथे कळे. काम चिखलाचे होते, कपडे भिजत, कंबर धरे. शिष्याला ते जुनाट वाटले. पाणी काय, होडी पूर्ण झाल्यावर एकदाच ओतू, असे म्हणून त्याने ती पद्धत बंद केली आणि त्या वेळात पाठ बसवला. संकल्पासाठी वेळ काढला याचे त्याला मोठे समाधान वाटले.

दोन वर्षे गेली. पाठ असा बसला की परगावचे लोक मुद्दाम ऐकायला येत. व्यापाऱ्याच्या डोळ्यांत पाणी येई. पाणी होडीतही येत होते. संकल्पानंतर बांधलेली पहिली होडी दुसऱ्याच पावसाळ्यात दुरुस्तीला परत आली आणि ती गुपचूप मांडवाच्या मागे नेऊन ठेवावी लागली. शिष्याने यावर पुष्कळ विचार केला आणि पाठात आणखी दोन ओळी घातल्या.

त्या वर्षीच्या नारळी पौर्णिमेला बारा दिवस उरले असताना प्रकरण हातघाईवर आले. एका कोळ्याला नवी होडी पौर्णिमेला पाण्यात घालून देण्याचे व्यापाऱ्याने कबूल केले होते. कोळी आणि त्याचे दोन मुलगे त्याच होडीतून समुद्रात जाणार होते. सांगाडा उभा होता, फळ्या बसल्या होत्या. फळ्यांमधल्या फटींत तेल-राळेत भिजवलेला कापूस ठोकून भरला की काम संपले. हे काम येसूचे. तिच्या हातची फट भरली की वारासुद्धा आत शिरत नाही, असे लोक म्हणत. आणि येसू कापूस ठोकायची लाकडी मोगरी मांडीवर घेऊन स्वस्थ बसली होती.

"नऊ फळ्या ओल्या हायत," ती म्हणाली. "यंदाच्या उन्हाळ्यात तोडलेलं लाकूड हाय ते. मी नाय भरनार."

शिष्याने समजावले, विनवले, मग आवाज चढवला. येसू ढिम्म हलली नाही. व्यापाऱ्यापर्यंत बातमी गेली. त्याने शिष्याला एकाच वाक्यात निकाल दिला. "पौर्णिमेला होडी पाण्यात नसेल, तर पौर्णिमेनंतर तू इथे नसशील."

शिष्य तडक नाव वल्हवत खाडीपलीकडे गेला. आबा अंगणात करवतीला धार लावत बसले होते. शिष्याने मनातली सगळी मळमळ ओकून टाकली. "आबा, अकरा माणसे एका सुरात संकल्प म्हणतात. ही बाई एक दिवस पाठाला येत नाही. आम्ही पाठ म्हणतो तेव्हा ही एकटी होडीत घागरी ओतत असते. हिला संकल्पाची चाड नाही, आणि आता हिच्यापायी मी रस्त्यावर येणार. तुम्ही चला. तुमचा शब्द ती मोडणार नाही."

आबांनी करवत बाजूला ठेवली. "येतो. पण एक अट आहे. दुपारपर्यंत मी सांगेन तसे कारखान्यात चालायचे. तू मध्ये तोंड घालायचे नाही."

शिष्याने आनंदाने होकार दिला. आता येसूची खोड मोडणार, या कल्पनेने त्याला नाव वल्हवतानाही हुरूप आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आबांनी मांडवाबाहेर उभे राहून पाठ ऐकला. तेराही ओळी ऐकून मान डोलावली. मग ते आत आले आणि एकेकाला जवळ बोलावून कामे सांगू लागले. भिवा सुतार हा तिथला सर्वांत जुना कारागीर. त्याला ते म्हणाले, "तांब्याचे खिळे संपत आलेत. वरच्या ओळीत लोखंडी मार." भिवाने क्षणभर त्यांच्याकडे पाहिले, मान खाली घातली आणि लोखंडी खिळे मारायला सुरुवात केली. एकाला त्यांनी राळ निम्मीच घालायला सांगितली. एकाला तडा गेलेली आडवी पट्टी तशीच बसवून वर रंग फासायला सांगितले. त्यांनी तसे केले. शिष्य तळाला तेलाचा हात देत होता. त्याच्यापाशी येऊन आबा म्हणाले, "दुसरा हात राहू दे. कोण बघतो खाली वाकून? दिवस वाचेल."

शिष्याला ते क्षणभर खटकले. पण साक्षात गुरू सांगतात, शिवाय पौर्णिमा जवळ आलेली. त्याने ब्रश खाली ठेवला. खरे सांगायचे तर त्याला हायसेच वाटले.

शेवटी आबा येसूपाशी गेले. ती चिखलात उकिडवी बसून ओल्या फळ्यांमधल्या फटींवरून बोट फिरवत होती.

"येसू, कापूस भरून टाक."

"आबा, तुमच्या पाया पडते. पन नाय भरनार."

"मी सांगतोय."

"तुमी सांगा, नायतर शेटना सांगू दे. कोळी रोज होडी वाळूवर ओढनार. कार्तिकातलं ऊन लागलं की ही फळी आकसनार. कापूस पानासारखा गळून पडेल. तवा होडीत कोन असेल? तुमी असाल का?"

"तुला घरी बसावे लागेल."

"बसते की!" येसू उठून उभी राहिली आणि तिने मोगरी छातीशी धरली. "ही मोगरी घेऊन जाईन. आनि गावात सांगत सुटेन, त्या होडीत बसू नका म्हनून. मग घाला पान्यात!"

आबांना आजवर असे कुणी बोलले नव्हते. आता वीज कोसळणार, म्हणून शिष्य वाट पाहू लागला.

आबांनी विचारले, "बरे, संकल्पाचा पाठ तरी म्हणून दाखव."

येसू ओशाळली. "पाठ नाय येत. दोन वळी येतात, त्यापन मागल्या-पुढल्या."

कुणीतरी फिस्कन हसले. आबा हसले नाहीत. ते मांडवाच्या तोंडाशी गेले, पिवळ्या अक्षरांची ती फळी त्यांनी दोन्ही हातांनी उचलून खाली काढली, येसूपाशी आणली आणि चिखलात आडवी टाकली. "बस हिच्यावर. दोन वर्षे चिखलात बसून काम करतेस, संधिवात होईल."

येसूला काही कळेना. पण फळी कोरडी होती आणि गुडघे खरोखरच दुखत होते. ती बसली.

शिष्याच्या मस्तकाची शीर उठली. दोन वर्षांच्या मेहनतीवर एक बाई पाय दुमडून बसली होती! दिलेला शब्द विसरून तो ओरडला, "आबा, हा संकल्पाचा अपमान आहे! जिला तो पाठ नाही, जी मालकाचे ऐकत नाही, तुमचे ऐकत नाही, तिच्या बुडाखाली तुम्ही तो घातलात!"

"जिला संकल्प समजला, तिच्याच हवाली केला," आबा शांतपणे म्हणाले. "आज सकाळपासून मी बारा माणसांना बारा चुकीची कामे सांगितली. अकरा जणांनी ती केली. तुलाही एक सांगितले. तूही केलेस. भिवा चाळीस वर्षे खाऱ्या पाण्यात काम करतो, लोखंडाचे काय होते हे त्याला मी सांगायला नको. तरी त्याने मारले. कारण नाही म्हणायचे तर कुणाच्या जोरावर म्हणायचे? त्याने म्हटले असते, तर तू त्याच्या मागे उभा राहिला असतास?"

भिवा नाही म्हणाला असता, तर आपण त्याचाही आवाज चढवूनच समाचार घेतला असता, हे शिष्याला ठाऊक होते. कालच घेतला होता की, येसूचा.

"पंचवीस पावसाळे हे काही पंचविसाव्या वर्षी एकदम येत नाहीत," आबा पुढे म्हणाले. "आज कोणती फळी परत जाते, कोणता खिळा हातातून खाली ठेवला जातो, त्यावर ते ठरतात. मालकाने लांबचे ठरवले, ते चांगले ठरवले. ते रोजच्या कामात उतरवणे तुझ्याकडे होते. तू प्रत्येकाला म्हणायला ओळी दिल्यास. नाही म्हणायचा अधिकार मात्र कुणालाच दिला नाहीस. आणि चाळीस घागरी पाण्याचा जो अर्धा तास होता, तो काढून त्या जागी आपला पाठ बसवलास. ज्या कामाने संकल्प खरा होणार होता, तेच काम तू संकल्पासाठी बंद केलेस."

शिष्याला भर मांडवात मेल्याहून मेल्यासारखे झाले. त्याने दोन वर्षे ज्याची शेखी मिरवली, त्याच अर्ध्या तासाने होडी गळत होती. त्याने खाली ठेवलेला ब्रश उचलला आणि तळाला तेलाचा दुसरा हात द्यायला घेतला. दुसरे काय करावे हे त्याला सुचेना.

दुपारी आबा टेकडीवर परतले आणि थोड्या वेळाने छत्री टेकत व्यापारी आला. त्याच्याबरोबर होडीचा धनी, तो कोळीही होता. "काय, भरल्या का फटी?" व्यापाऱ्याने विचारले.

शिष्य होडीखालून बाहेर आला. त्याचे हात कोपरापर्यंत तेलाने माखले होते. आवाज निघाला तो खणखणीत निघाला. "नाही शेट. येसू फटी भरणार नाही आणि मी तिला भरायला सांगणार नाही. नऊ फळ्या ओल्या आहेत, त्या काढणार. ही होडी पौर्णिमेला पाण्यात जाणार नाही."

"पौर्णिमेनंतर तुझे काय, ते ठाऊक आहे ना?"

"आहे. पौर्णिमेपर्यंत मी आहे, आणि तोवर ती जाणार नाही. सुक्या फळ्या तुमच्या वखारीत आहेत. दोन उन्हाळे मुरलेल्या. त्या द्या, महिन्याभरात होडी तयार होईल."

व्यापाऱ्याचा चेहरा लाल झाला. ते लाकूड त्याने स्वतःच्या नव्या घराच्या माडीसाठी दोन वर्षांपासून जपले होते. "माझ्या माडीचे लाकूड या होडीला लावू? तुझे डोके ठिकाणावर आहे का?"

"पंचवीस हा आकडा तुम्ही बोललात शेट, मी नाही," शिष्य म्हणाला. "आम्ही रोज सकाळी तो ओरडून सांगतो. तो खरा करायचा असेल तर माडी थांबेल. माडी थांबायची नसेल, तर उद्यापासून सहा पावसाळे म्हणू. तेही एका सुरात म्हणता येईल."

व्यापाऱ्याने छत्री जमिनीवर आपटली. "आत्ताच्या आत्ता चालता हो! भिवा, तू बघ पुढचे काम. फटी भरून घे!"

भिवाने पक्कड उचलली, होडीच्या वरच्या ओळीत सकाळी मारलेल्या एका लोखंडी खिळ्याला लावली आणि जोर केला. खिळा किंचाळत बाहेर आला. भिवाने तो व्यापाऱ्याच्या पायापाशी टाकला आणि दुसऱ्याला हात घातला. राळ ढवळणाऱ्याने सकाळचे भांडे उलटे केले. तडा गेलेली पट्टी ज्याने रंगवली होती, त्याने ती उखडून काढली. खिळे तेवढे एकेक करून ओरडत होते.

इतका वेळ कोळी बाजूला उभा होता. तो पुढे आला आणि ओल्या फळीवर हात ठेवून म्हणाला, "शेट, महिना गेला तर गेला. दोन पोरं हायत माजी. होडी अशी द्या, की ती घरी येतील."

व्यापारी तरातरा निघून गेला. शिष्याने आपल्या अवजारांची पिशवी बांधली. पण तो घरी गेला नाही. नऊ ओल्या फळ्या सुटेपर्यंत तो भिवाबरोबर राबत राहिला. हाकलायचे तर काम संपल्यावर हाकला, असे त्याने मनाशी ठरवले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तीन बैलगाड्या मांडवापाशी येऊन थांबल्या. माडीचे लाकूड आले होते. व्यापाऱ्याने सोबत ना निरोप धाडला, ना चिठ्ठी. पुढे तीन आठवडे तो कारखान्याकडे फिरकलाही नाही. मोठी माणसे चूक सुधारतात, पण रुसायचा हक्क सोडत नाहीत. शिष्याला कुणी पुन्हा जा म्हणाले नाही, तेव्हा तो राहिला.

पाठ बंद झाला. सकाळी पुन्हा चाळीस घागरी पाणी होडीच्या पोटात पडू लागले आणि सगळे चिखलात वाकून फिरू लागले. ते झाले की शिष्य प्रत्येकाला विचारी, "आज तू काय करणार? आणि आज कशाला नाही म्हणणार?" पहिल्या प्रश्नाला भराभरा उत्तरे येत. दुसऱ्याला सगळे मख्खासारखे एकमेकांकडे बघत. जन्मभर हो म्हणत आलेल्या माणसांची जीभ एकदम कशी वळणार? कुणी म्हणे, "तंबाखूला." मग सगळे हसत. शिष्यही हसे आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच विचारी. त्याने ते एक दिवसही सोडले नाही.

होडी महिन्याऐवजी पाच आठवड्यांनी पाण्यात गेली. कोळी आणि त्याचे मुलगे तिच्यातून समुद्रावर जाऊन आले. मग पुढच्या होडीचे काम सुरू झाले. त्या होडीच्या कण्याचे लाकूड शिष्याने स्वतः जंगलात जाऊन निवडले होते. तीन दिवस पायपीट करून, घासाघीस करून आणले होते. सकाळी त्याने ते मोठ्या कौतुकाने सर्वांपुढे ठेवले.

भिवाने लाकडावर कान टेकवला, बोटाने दोन-तीनदा वाजवले आणि तो सरळ उभा राहिला. "आज मी ह्याला नाय म्हनतो," तो म्हणाला. "आतून पोकळ हाय. तुमी आनलंय, तरी नाय."

त्याच संध्याकाळी शिष्य टेकडीवर गेला. आबा ओसरीवर बसले होते. शिष्य पायरीवर टेकला.

"आबा, आज भिवाने सगळ्यांदेखत माझे लाकूड नाकारले," तो म्हणाला.

"राग आला?"

"फार. त्याचा गळा धरावासा वाटला. तीन दिवसांची पायपीट होती ती."

"मग?"

"मग करवत लावून पाहिले. पोकळ निघाले. उद्या पुन्हा जंगलात जातोय. या वेळी भिवाला बरोबर नेतो."

आबांनी मान हलवली. "राग येईल. पुढेही येत राहील. ज्याचा राग येत नाही, तो नकार कुणाच्याच कामाचा नसतो."

शिष्य हसला आणि त्यांच्या शेजारी ओसरीवर आडवा झाला. दोन वर्षांत प्रथमच त्याला आपल्या माणसांचा अभिमान वाटत होता.

तुमच्याही संस्थेने पुढच्या दहा वर्षांचे काहीतरी भव्य ठरवले असेल. ते खरे व्हावे म्हणून तुमच्या हाताखालच्या माणसाने तुम्हाला तोंडावर 'नाही' असे शेवटचे कधी म्हटले, तेवढे आज आठवून पाहा.